गुन्ह्याच्या दिवसाचे वय

डिसेंबर 1981 मध्ये उत्तर प्रदेशात एक खून झाला. आरोपींपैकी एकाचे वय त्या दिवशी सोळा वर्षे सात महिने होते. त्या काळच्या निकषाप्रमाणे सोळा पूर्ण केलेला मुलगा प्रौढ मानला जाई. त्यामुळे इतर आरोपींबरोबर त्याच्यावरही सत्र न्यायालयात खटला चालला आणि जन्मठेप झाली. अपील उच्च न्यायालयात पडून राहिले. ते पडून असताना 1986 चा बाल न्याय कायदा आला, मग 2000 चा आला, त्यात 2006 साली दुरुस्ती झाली, आणि शेवटी 2015 चा कायदा आला. 2018 मध्ये उच्च न्यायालयाने जन्मठेप कायम केली. ऑक्टोबर 2020 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की दोषसिद्धी योग्य आहे, पण जन्मठेप टिकणार नाही. पंचावन्न वर्षांच्या त्या माणसाला बाल न्याय मंडळापुढे हजर करा, दंड किती घ्यायचा आणि मृताच्या कुटुंबाला भरपाई किती द्यायची हे मंडळ ठरवील.

पहिल्यांदा वाचणाऱ्याला हे विचित्र वाटते. पंचावन्नाव्या वर्षी बाल न्याय मंडळ? एकोणचाळीस वर्षांनी? आणि जो कायदा गुन्ह्याच्या वेळी जन्मालाही आला नव्हता, त्याच्या आधारे? या तिन्ही प्रश्नांना कायद्यात उत्तरे आहेत, आणि ती उत्तरे सोप्या भाषेत मांडणे एवढेच या पुस्तकाचे काम आहे. खटला चालू असताना बाल न्यायाचा कायदा बदलला तर त्या खटल्याचे काय होते, जुन्या कायद्याचे काय उरते आणि नव्याचे काय लागू होते, हा त्याचा विषय.

पुस्तकाचे म्हणणेही दोन ओळींत सांगता येते. कायद्यातली सवलत मागे जाते, कठोरता मागे जात नाही. आणि दोन्हींसाठी वय मोजायचे ते गुन्ह्याच्या दिवशीचे. वाचायला हे सरळ वाटते. पण न्यायालयांना आणि संसदेला इथवर यायला पाव शतकाहून अधिक काळ लागला, आणि त्या काळात अनेकांची तरुणपणाची वर्षे तुरुंगात गेली. तो प्रवास समजून घेतल्याशिवाय आजचा नियम पक्का कळत नाही.

एक खुलासा इथेच करतो. विधिसंघर्षग्रस्त बालकाची, म्हणजे गुन्ह्याचा आरोप असलेल्या मुलाची, ओळख उघड करायला 2015 च्या कायद्याचे कलम 74 मनाई करते. निकालांच्या शीर्षकांत अशी नावे छापली गेली आहेत आणि वकिलांच्या तोंडी ती रुळलीही आहेत. तरी या प्रस्तावनेत खटले ओळखायला वर्ष, न्यायालय आणि ठिकाण यांचाच उपयोग केला आहे. ज्यांना निकाल शोधायचा आहे त्यांना तेवढे पुरेसे आहे.

कायदे एकामागून एक

मुलांचा गुन्हा वेगळ्या मापाने मोजावा हा विचार आपल्याकडे नवा नाही. मुंबईत डेव्हिड ससून यांच्या नावाची सुधारशाळा 1857 पासूनची. मुलांसाठी स्वतंत्र कायदा मद्रासने 1920 साली केला, बंगालने 1922 साली, आणि मुंबई इलाख्याने 1924 साली. स्वातंत्र्यानंतर मुंबईने 1948 चा नवा अधिनियम आणला. मात्र हा सगळा कारभार राज्याराज्यांचा होता. कुठे कायदा होता, कुठे तो कागदावरच होता, आणि लहान मुले मोठ्या कैद्यांबरोबर तुरुंगात होती. पत्रकार शीला बारसे यांनी ही स्थिती सर्वोच्च न्यायालयापुढे नेली. 1986 च्या त्या निकालात न्यायालयाने राज्यांच्या वेगवेगळ्या कायद्यांऐवजी संसदेनेच सगळ्या देशासाठी एक कायदा करावा असे सुचवले. त्याच वर्षी बाल न्याय अधिनियम मंजूर झाला आणि 2 ऑक्टोबर 1987 पासून अमलात आला. त्यात मुलगा सोळा वर्षांखालचा आणि मुलगी अठरा वर्षांखालची, अशी दोन मापे होती.

1992 मध्ये भारताने संयुक्त राष्ट्रांचा बालहक्क करार स्वीकारला. त्या करारात बालक म्हणजे अठरा वर्षांखालचे. त्याला धरून 2000 चा कायदा झाला आणि 1 एप्रिल 2001 पासून मुलगा-मुलगी दोघांसाठी अठरा ही एकच रेषा आली. या एका बदलाने सोळा ते अठरा या वयातले हजारो मुलगे प्रौढांच्या फौजदारी न्यायालयातून बाहेर पडून मुलांच्या कायद्यात आले. ज्यांचे खटले आधीच चालू होते त्यांचे काय, हा प्रश्न त्याच दिवशी उभा राहिला.

चार तारखा

अशा प्रत्येक प्रकरणात चार तारखा असतात. गुन्हा घडला ती एक. आरोपीला पकडून पहिल्यांदा न्यायालयापुढे उभे केले ती दुसरी. नवा कायदा अमलात आला ती तिसरी. निकाल लागला ती चौथी. मुलगा साडेसतरा वर्षांचा असताना गुन्हा घडला, तो अठरा वर्षे दोन महिन्यांचा असताना सापडला, एकोणिसाव्या वर्षी कायदा बदलला आणि पंचविसाव्या वर्षी निकाल लागला, तर तो बालक की प्रौढ? कोणती तारीख धरता यावर उत्तर अवलंबून आहे.

1982 मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींनी राजस्थानच्या बालक कायद्याखाली उत्तर दिले होते: गुन्ह्याची तारीख. विषय तिथेच मिटायला हवा होता. पण 2000 मध्ये दोन न्यायमूर्तींच्या पीठाने बिहारच्या एका प्रकरणात वेगळी वाट धरली आणि आरोपीला सक्षम अधिकाऱ्यापुढे हजर केले ती तारीख धरली. याचा परिणाम असा की पोलिसांनी चार महिने उशिरा पकडले तर मुलाचे बालपण कायद्याच्या दृष्टीने संपावे. फरार राहणाऱ्याला धडा मिळेल असे कोणी म्हणेल. पण तपासातली ढिलाई, ओळख परेडला लागलेला वेळ, वॉरंट न बजावले जाणे, या सगळ्याचा भुर्दंड आरोपीच्या वयावर पडणार होता.

हा गोंधळ सोडवायला घटनापीठ बसले. झारखंडच्या प्रकरणात 2 फेब्रुवारी 2005 रोजी पाच न्यायमूर्तींनी ठरवले की गुन्ह्याची तारीख हीच खरी. पहिला प्रश्न सुटला. दुसरा मात्र अर्धाच सुटला. 1986 च्या कायद्याच्या काळात सुरू झालेल्या आणि 1 एप्रिल 2001 रोजी प्रलंबित असलेल्या खटल्यांना नवा कायदा लागू होईल का, यावर घटनापीठाने सांगितले: होईल, पण त्या दिवशी आरोपीची अठरा वर्षे पूर्ण झालेली नसतील तरच.

या अटीचा अर्थ उदाहरणाने पाहू. दोन मुलगे, दोघांचेही वय गुन्ह्याच्या दिवशी बरोबर सतरा. एकाचा गुन्हा जून 1998 मधला, दुसऱ्याचा जून 2000 मधला. 1 एप्रिल 2001 रोजी पहिला जवळपास वीस वर्षांचा झालेला, म्हणून बाहेर. दुसऱ्याची अठरा अजून भरायची होती, म्हणून आत. वय तेच, कृत्य तेच, समजही तेवढीच. तरी एकाला जन्मठेप होऊ शकते आणि दुसऱ्याला फार तर तीन वर्षे विशेष गृह. ज्याचा खटला आधीपासून रखडला होता त्याचेच नुकसान व्हावे, हे न्यायाच्या कोणत्याही कल्पनेत बसत नव्हते.

संसदेने ही अट पुढच्याच वर्षी काढून टाकली. 22 ऑगस्ट 2006 पासून अमलात आलेल्या दुरुस्तीने विधिसंघर्षग्रस्त बालकाच्या व्याख्येतच गुन्ह्याच्या तारखेचे वय घातले. प्रलंबित खटल्यांविषयीच्या कलम 20 ला एक स्पष्टीकरण जोडले: खटला, अपील, पुनरीक्षण किंवा इतर कोणतीही फौजदारी कार्यवाही चालू असो, बालकपण या कायद्याच्या व्याख्येनेच ठरेल, कायदा अमलात येण्याआधी आरोपी अठरा ओलांडून गेला असला तरीही, आणि गुन्हा घडला त्या वेळी हा कायदा अस्तित्वात होता असेच समजले जाईल. कलम 7अ नवे आले: बालकपणाचा दावा कोणत्याही न्यायालयापुढे, कोणत्याही टप्प्यावर, अगदी अंतिम निकालानंतरही करता येईल. कलम 64 मधून आधीच शिक्षा भोगत असलेल्यांच्या फेरविचाराची वाट उघडली.

2009 च्या मे महिन्यात सर्वोच्च न्यायालयाने या दुरुस्तीचा पुरता अर्थ लावला. राजस्थानातला 1998 चा गुन्हा, आणि आरोपीची सोळा नुकतीच उलटलेली. 1986 च्या कायद्यापुढे तो प्रौढ होता आणि उच्च न्यायालयानेही तसेच मानले होते. सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की 1 एप्रिल 2001 पूर्वी सोळा ते अठरा या वयात गुन्हा केलेल्या सर्वांना 2000 च्या कायद्याचा लाभ आहे. प्रस्तावनेच्या सुरुवातीचे 1981 चे प्रकरण याच धाग्याचे पुढचे टोक. 2015 च्या कायद्याने 2000 चा कायदा रद्द केला, तरी त्याने दिलेला हक्क रद्द झाला नाही, असे 2020 च्या निकालाने सांगितले. सामान्य वाक्खंड अधिनियम 1897 चे कलम 6 आणि नव्या कायद्याचे कलम 25 यांचा तो एकत्र परिणाम आहे.

सवलत मागे जाते, ती का

गुन्ह्यानंतर आलेला कायदा गुन्हेगाराला लावायचा नाही हे तत्त्व संविधानाच्या अनुच्छेद 20(1) मध्ये आहे. पण त्या अनुच्छेदाची मनाई एकाच बाजूला आहे. गुन्हा घडला तेव्हा जे कृत्य अपराध नव्हते त्याबद्दल दोषी ठरवायचे नाही, आणि त्या वेळच्या कायद्यात होती त्याहून जास्त शिक्षा द्यायची नाही, एवढेच तो सांगतो. शिक्षा कमी करणाऱ्या नव्या कायद्याला तो आडवा येत नाही.

हे सर्वोच्च न्यायालयाने 1964 मध्येच सांगितले, आणि योगायोगाने ते प्रकरणही सोळा वर्षांच्या मुलाचे होते. गुडगाव जिल्ह्यातल्या दंडाधिकाऱ्याने त्याला मे 1962 मध्ये शिक्षा दिली. परिवीक्षेचा 1958 चा केंद्रीय कायदा त्या जिल्ह्यात लागू झाला सप्टेंबर 1962 मध्ये. एकवीस वर्षांखालच्यांना शक्यतो तुरुंगात पाठवू नये असे तो कायदा सांगत होता. शिक्षा झाली तेव्हा कायदा नव्हता, पण प्रकरण अजून वरच्या न्यायालयांत चालू होते. बहुमताने ठरले की अपिलात बसलेल्या न्यायालयाने हा लाभ विचारात घ्यायला हवा. या निकालाचे महत्त्व त्याच्या कारणमीमांसेत आहे. कमी शिक्षा समाजाला पुरेशी आहे असे विधिमंडळानेच ठरवल्यावर, केवळ तारीख आधीची म्हणून जुनी जास्त शिक्षा चालू ठेवण्याला आधार उरत नाही. बाल न्यायातल्या पुढच्या सगळ्या चर्चेच्या तळाशी हाच विचार आहे.

कठोरता मागे जात नाही

16 डिसेंबर 2012 च्या दिल्लीतल्या सामूहिक बलात्कार आणि खुनाच्या घटनेने उलट दिशेचा प्रश्न आणला. आरोपींपैकी एक साडेसतरा वर्षांचा होता. 2000 च्या कायद्याप्रमाणे त्याला जास्तीत जास्त तीन वर्षे विशेष गृहात ठेवता येत होते आणि ऑगस्ट 2013 मध्ये बाल न्याय मंडळाने तसाच आदेश दिला. घटनेनंतर नेमलेल्या न्यायमूर्ती वर्मा समितीने वयाची मर्यादा खाली आणू नये असे म्हटले होते. 2013 मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही अठराची रेषा कायम ठेवली. लोकांचा राग मात्र शमला नाही. 20 डिसेंबर 2015 रोजी तो मुलगा सुटला आणि 22 डिसेंबरला राज्यसभेने नवे विधेयक मंजूर केले. लोकसभेने ते मे महिन्यातच मंजूर केले होते. 15 जानेवारी 2016 पासून नवा कायदा अमलात आला.

त्या दोन दिवसांत अनेकांना वाटले होते की विधेयक लवकर मंजूर झाले असते तर तो सुटला नसता. तसे झाले नसते. विधेयक 2013 मध्ये मंजूर झाले असते तरी डिसेंबर 2012 च्या कृत्याला त्यातली जास्तीची शिक्षा लावता आली नसती. एखाद्या गुन्ह्याने पेटलेल्या मागणीतून कायदा होतो, पण तो कायदा त्याच गुन्ह्याला कधीच लागू होत नाही. ही गोष्ट वर्तमानपत्रांनी आणि लोकप्रतिनिधींनी लोकांना सांगायला हवी. ती सांगितली जात नाही, म्हणून प्रत्येक वेळी न्यायालयाने कोणाला तरी सोडून दिल्याची भावना उरते.

2015 च्या कायद्याने नेमके काय बदलले? सोळा ते अठरा वयातल्या मुलावर निर्घृण गुन्ह्याचा आरोप असेल, तर मंडळ आधी प्राथमिक मूल्यांकन करते: गुन्हा करण्याची त्याची शारीरिक आणि मानसिक क्षमता, परिणामांची समज, आणि गुन्हा कोणत्या परिस्थितीत घडला. त्यानंतर खटला बाल न्यायालयाकडे पाठवला जाऊ शकतो आणि तिथे मुलाला प्रौढाप्रमाणे जोखले जाऊ शकते. फाशी किंवा सुटकेची शक्यता नसलेली जन्मठेप तरीही देता येत नाही; कलम 21 ती वाट बंद करते. कलम 25 सांगते की 15 जानेवारी 2016 रोजी मंडळापुढे किंवा न्यायालयापुढे प्रलंबित असलेली कार्यवाही हा कायदा झालाच नाही असे समजून चालेल. म्हणजे आधीपासून चालू असलेल्या प्रकरणांत प्राथमिक मूल्यांकन नाही आणि प्रौढ म्हणून खटला नाही.

कठीण प्रश्न उरतो तो मधल्या प्रकरणांचा: कृत्य 15 जानेवारी 2016 च्या आधीचे, पण मूल सापडले त्यानंतर. अक्षरशः पाहिले तर त्या दिवशी काहीच प्रलंबित नव्हते. सरकारी पक्ष म्हणू शकतो की मूल्यांकन ही फक्त कार्यपद्धती आहे, आणि कार्यपद्धतीत कोणाचाही कायमचा हक्क नसतो. खटला कोणत्या न्यायालयात चालावा याला अनुच्छेद 20(1) चे संरक्षण नाही हेही खरे. माझे मत वेगळे आहे. हे दार उघडले की तीन वर्षांच्या विशेष गृहाच्या जागी दहा वर्षांचा किंवा जन्मभराचा तुरुंगवास येऊ शकतो. ज्या पायरीवर शिक्षेची कमाल मर्यादाच बदलते, तिला नुसती कार्यपद्धती म्हणता येत नाही. पुस्तकातल्या एका स्वतंत्र प्रकरणात हा युक्तिवाद दोन्ही बाजूंनी तपासला आहे.

दुसऱ्या कायद्याचा धक्का

बाल न्यायाचा कायदा न बदलताही मुलाचे भवितव्य बदलू शकते, कारण गुन्ह्याचे वर्गीकरण दुसऱ्या कायद्यांतल्या शिक्षेवर उभे आहे. किमान शिक्षा सात वर्षे किंवा अधिक, तर गुन्हा निर्घृण. पण कमाल शिक्षा सात वर्षांहून जास्त आणि किमान शिक्षाच सांगितलेली नाही, असे गुन्हे कुठे बसवायचे? खुनाचा प्रयत्न असा आहे, सदोष मनुष्यवधही तसाच. 2015 च्या कायद्याच्या किरकोळ, गंभीर आणि निर्घृण या तिन्ही वर्गांत त्यांना जागा नव्हती. 9 जानेवारी 2020 रोजी सर्वोच्च न्यायालयाने, संसद काही करत नाही तोवर हे गुन्हे गंभीर या मधल्या वर्गात धरावेत असे सांगितले. 2021 च्या दुरुस्तीने तेच व्याख्येत घातले आणि ती 1 सप्टेंबर 2022 पासून लागू झाली.

पुण्यातल्या 19 मे 2024 च्या मोटार अपघाताच्या प्रकरणात हे वर्गीकरण घराघरांत चर्चेला आले. सतरा वर्षांच्या मुलाला प्रौढ म्हणून खटल्याला उभे करावे हा पोलिसांचा अर्ज मंडळाने जुलै 2025 मध्ये फेटाळला. जामीन देताना मंडळाने घातलेल्या तीनशे शब्दांच्या निबंधाच्या अटीवर संताप व्यक्त करणाऱ्या बहुतेकांना हे ठाऊक नव्हते की भारतीय दंड संहितेच्या सदोष मनुष्यवधाच्या कलम 304 ला किमान सात वर्षांची शिक्षाच नाही. अपघातानंतर सहा आठवड्यांनी, 1 जुलै 2024 रोजी, दंड संहितेच्या जागी भारतीय न्याय संहिता आली. तिच्या कलम 105 मध्ये सदोष मनुष्यवधाच्या एका प्रकाराला किमान पाच वर्षे शिक्षा घातली आहे. पाच म्हणजे सातपेक्षा कमी, म्हणून वर्ग बदलत नाही. पण उद्या कोणी त्या पाचाचे सात केले, तर बाल न्याय कायद्याच्या एका अक्षरालाही हात न लावता सोळा वर्षांच्या मुलासाठी प्रौढ खटल्याचे दार उघडेल. ती दुरुस्तीही पुढच्याच गुन्ह्यांना लागेल, मागच्यांना नाही.

प्रलंबित प्रकरणांचा प्रश्न फौजदारीपुरताही नाही. 2021 च्या याच दुरुस्तीने दत्तकाचे आदेश देण्याचा अधिकार न्यायालयांकडून जिल्हा दंडाधिकाऱ्यांकडे गेला. अर्ध्यावर आलेली दत्तक प्रकरणे उचलून जिल्हाधिकारी कार्यालयात पाठवायची का, हा पेच मुंबई उच्च न्यायालयापुढे आला आणि जानेवारी 2023 मध्ये न्यायालयाने अशा हस्तांतराला अंतरिम स्थगिती दिली. कायदा करणाऱ्यांनी चालू कामांचा विचार शेवटी ठेवला की काय होते, त्याचे हे उदाहरण.

जन्मतारीख कुठून आणायची

नियम कितीही स्वच्छ असला तरी शेवटी गाडी अडते ती जन्मतारखेच्या कागदावर. महाराष्ट्रात 1 जूनला वाढदिवस असणारी माणसे किती आहेत हे कोणत्याही गावात विचारून पाहावे. शाळा जूनमध्ये सुरू व्हायची, मूल शाळेत बसायला लागले की गुरुजी अंदाजाने वर्ष धरायचे आणि रजिस्टरात 1 जून लिहून मोकळे व्हायचे. अशा नोंदीवर नोकरी मिळते आणि निवृत्तीही होते. एखाद्याची जन्मठेपही तिच्यावर ठरते.

2007 च्या नियमांतील नियम 12 प्रमाणे आधी मॅट्रिकचे प्रमाणपत्र, मग पहिल्या शाळेचा दाखला, मग महापालिका, नगरपालिका किंवा ग्रामपंचायतीची जन्मनोंद, आणि यातले काहीच नसेल तर वैद्यकीय मंडळाचे मत असा क्रम होता. वैद्यकीय मतात वर्षभराची सवलत मुलाच्या बाजूने देता येत होती. 2015 च्या कायद्याच्या कलम 94 ने शाळेचा दाखला आणि मॅट्रिकचे प्रमाणपत्र एका पायरीवर आणले, आणि वर्षभराच्या सवलतीचा उल्लेख त्यात नाही. ज्याच्यापाशी हाडांच्या तपासणीशिवाय दुसरा पुरावा नाही, त्याच्यासाठी हा मोठाच बदल आहे. त्यामुळे जुन्या प्रकरणात वयाची चौकशी कोणत्या नियमाने करायची, हा वाद तांत्रिक वाटला तरी निकाल फिरवणारा असतो.

कागद उशिरा सापडला तर काय होते हे पुण्याला ठाऊक आहे. ऑगस्ट 1994 मध्ये कोथरूड भागात एका कुटुंबातल्या पाच स्त्रिया आणि दोन मुले मारली गेली. आरोपींपैकी एकाला फाशी झाली, उच्च न्यायालयाने ती कायम केली, 2000 मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही केली आणि फेरविचारही फेटाळला. अनेक वर्षांनी त्याने बालकपणाचा दावा केला. पुण्याच्या प्रधान जिल्हा न्यायाधीशांनी चौकशी केली, राजस्थानातल्या शाळेची नोंद तपासली गेली, आणि मार्च 2023 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मान्य केले की गुन्ह्याच्या दिवशी त्याचे वय साडेबारा वर्षे होते. अठ्ठावीस वर्षे तुरुंगात काढून तो सुटला. साडेबारा वर्षांचा मुलगा कोणत्याही काळच्या कोणत्याही कायद्याने बालकच होता. बदललेल्या कायद्याने फक्त अंतिम निकालानंतर तोंड उघडण्याची मुभा दिली. ती मुभा नसती तर तो फासावर गेला असता. 8 जानेवारी 2025 रोजी डेहराडूनच्या 1994 च्या तिहेरी खुनातही असेच झाले. फाशी झालेला आरोपी गुन्ह्याच्या वेळी चौदा वर्षांचा होता. त्याने हे आधीच सांगितले होते, पण त्याच्या नावावर बँकेत खाते आहे म्हणजे तो सज्ञान असला पाहिजे, असे धरले गेले होते.

ज्यांचे माणूस गेले

या पुस्तकावर एक आक्षेप येणार आणि तो रास्त आहे. ज्या घरातले माणूस मारले गेले, त्या घराने या साऱ्याकडे कसे पाहायचे? वीस-तीस वर्षे तारखांना हजेरी लावल्यावर त्यांना कळते की दोषसिद्धी कायम आहे, पण शिक्षा गेली. प्रकरण मंडळाकडे जाते, मंडळापुढे पन्नाशीचा माणूस उभा असतो. त्याला विशेष गृहात ठेवता येत नाही आणि समुपदेशनाचा आता उपयोग नाही. उरतो तो दंड.

याचे उत्तर सवलत कमी करण्यात नाही, ती वेळेवर देण्यात आहे. बालकपणाचा प्रश्न पहिल्या आठवड्यात सुटला, तर मुलाची चौकशी चार-सहा महिन्यांत पुरी व्हावी अशी तरतूद कायद्यात आहे. पीडित कुटुंबाला निकाल मिळतो, मुलाला सुधारण्याची संधी मिळते, आणि मंडळाच्या आदेशाला अर्थ असतो. तीस वर्षांनी दिलेल्या सवलतीत दोन्ही बाजूंच्या हाती काही पडत नाही. म्हणूनच सर्वोच्च न्यायालयाने 2013 मध्ये दंडाधिकाऱ्यांना बजावले की आरोपी पहिल्यांदा समोर आला आणि वयाची शंका आली, तर तिथेच चौकशी करा.

वाचकांसाठी

पुढची प्रकरणे याच क्रमाने आहेत: आधी तारखा, मग प्रत्येक कायद्याचे प्रलंबित खटल्यांविषयीचे कलम, मग वर्गीकरण, मग वयाचा पुरावा, आणि शेवटी मंडळ, सत्र न्यायालय व अपील या तीन ठिकाणी अर्ज कसा करायचा याचे नमुने. वकील नसलेल्या वाचकाने पहिली दोन प्रकरणे वाचली तरी चालेल. परिवीक्षा अधिकारी, निरीक्षणगृहांचे कर्मचारी आणि न्यायालयीन बातम्या देणारे पत्रकार यांनी मात्र वयाच्या पुराव्याचे प्रकरण सोडू नये.

कायदा करणाऱ्यांना एक विनंती. नवे विधेयक आणताना प्रलंबित प्रकरणांचे कलम शेवटच्या रात्री मागच्या कायद्यातून उतरवून घेऊ नका. 2000 च्या कायद्याच्या कलम 20 मध्ये गुन्ह्याच्या तारखेचे चार शब्द पहिल्यापासून असते, तर सहा वर्षांचा गोंधळ आणि एक घटनापीठ वाचले असते.

आणि विनंती वकिलांना, पोलिसांना, दंडाधिकाऱ्यांना. मिसरूड फुटलेला मुलगा समोर आला की पहिल्या रिमांडलाच त्याच्या शाळेचे नाव विचारा आणि दाखला मागवा. कायदा पुढे कितीदाही बदलो, गुन्ह्याच्या दिवशीचे वय बदलत नाही. ते पहिल्याच दिवशी नोंदले गेले, तर या पुस्तकातली निम्मी प्रकरणे पुढच्या पिढीच्या वकिलांना उघडावी लागणार नाहीत.